स्वतःच्या सुताचा माग : स्वतंत्र दिग्दर्शकाचं घर कशावर चालतं?

सोलापुरात भद्रावती पेठेतल्या आमच्या बोळात एका अण्णांचे सहा यंत्रमाग आहेत. टॉवेलचं काम. ऑगस्ट २०२५ मध्ये राष्ट्रीय चित्रपट पुरस्कार जाहीर झाले, पहिल्या सिनेमासाठीचा पुरस्कार 'आत्मपॅम्फ्लेट'चे दिग्दर्शक आशिष बेंडे यांना मिळाला, आणि त्याच आठवड्यात अण्णांच्या धाकट्याने घरात सांगून टाकलं: बी.एस्सी. झालं, आता एम.एस्सी. नको, सिनेमा लिहायचा आणि करायचा. दुसऱ्या दिवशी सकाळी अण्णा माझ्या दारात. मी गेली बारा-तेरा वर्षं मालिका, माहितीपट आणि लघुपटांसाठी लिहिते, एवढं बोळात सगळ्यांना माहीत आहे. खुर्चीत बसले, चहाला नको म्हणाले आणि विचारलं, "ताई, एकच सांगा. यात पगार कोण देतो?"

इतका नेमका प्रश्न मला सिनेमाच्या कुठल्या कार्यशाळेत कोणी विचारलेला नाही. सोलापूर जिल्ह्यात तर हा प्रश्न घराघरांत आहे. करमाळा तालुक्यातल्या जेऊरच्या नागराज मंजुळेंनी आपल्याच मातीतली माणसं पडद्यावर आणली, अकलूजची शाळकरी मुलगी रिंकू राजगुरू रातोरात घराघरांत पोचली, आणि तेव्हापासून दर गल्लीत एक तरी पोरगं मोबाईल आडवा धरून उभं असतं. २०२५ मध्ये रोहन कानवडे यांच्या 'साबर बोंडं'ला अमेरिकेतल्या सनडान्स महोत्सवात जागतिक चित्रपट विभागाचा सर्वोच्च ज्युरी पुरस्कार मिळाला, त्याचीही बातमी या पोरांनी पाठ केलीय. बातमी पुरस्काराची येते. पैसे कोणाचे होते, ते परत आले का, आणि दोन सिनेमांच्या मधल्या वर्षांत त्या माणसाचं घर कशावर चाललं, हे बातमीत नसतं. अण्णांना त्या दिवशी तासभर जे सांगितलं, तेच जरा लावून इथे लिहितेय.

मजुरीचा माग आणि स्वतःचा माग

'स्वतंत्र दिग्दर्शक' हा शब्द अण्णांना मी त्यांच्याच धंद्यातून समजावला. सोलापुरात काही कारखानदार व्यापाऱ्याचं सूत घेतात, व्यापारी सांगेल ते डिझाईन विणतात आणि ठरलेली मजुरी घेतात. सुताचा भाव वाढो की पडो, त्यांची मजुरी ठरलेली. काहीजण मात्र स्वतः सूत आणतात, स्वतःचं डिझाईन काढतात, माल विणून मग गिऱ्हाईक शोधतात. माल उठला तर नफा त्यांचा, पडून राहिला तर सुताची उधारीही त्यांचीच.

मालिकेचा किंवा मोठ्या कंपनीच्या सिनेमाचा दिग्दर्शक पहिल्या प्रकारात येतो. गोष्ट, कलाकार, लांबी, शेवट यांतलं बरंच काही वरून ठरून येतं. त्याचे पैसे करारात लिहिलेले असतात. स्वतंत्र दिग्दर्शक दुसऱ्या प्रकारातला. गोष्ट कोणती सांगायची, त्यात कोण असेल, ती कुठे संपेल, यावर शेवटचा शब्द त्याचा. हा शेवटचा शब्द ज्याच्याकडे तो स्वतंत्र. 'स्वतंत्र म्हणजे स्वस्तातला' असा समज आहे, तो बरोबर नाही. स्वस्तातला सिनेमासुद्धा पूर्णपणे दुसऱ्याच्या हुकमावर बनू शकतो, आणि चांगले पैसे लागलेला सिनेमाही दिग्दर्शकाच्या मर्जीने बनू शकतो. बघायचं ते एवढंच, की डिझाईन कोणाचं आणि सुताची जोखीम कोणाची.

मग अण्णांच्या प्रश्नाचं उत्तर: पगार कोणीच देत नाही. मिळालं तर मानधन मिळतं, तेही निर्मात्याने उभ्या केलेल्या पैशातून. निर्माता म्हणजे पैसा जमवणारा आणि त्याचा हिशेब ठेवणारा. पहिल्या सिनेमाला असा माणूस मिळाला नाही, तर दिग्दर्शकालाच ते काम करावं लागतं, आणि मग स्वतःचं मानधन हा हिशेबातला सगळ्यात आधी खोडला जाणारा आकडा असतो.

आधी कागद

स्वतंत्र दिग्दर्शक बहुतेक वेळा स्वतःच लिहितो. लेखकाला द्यायला पैसे नसतात, हे एक कारण. त्याहून मोठं कारण हे, की पैसा उभा राहण्याआधी त्याच्या हातात विकण्यासारखी एकच वस्तू असते: लिहिलेला कागद.

इथे तीन शब्द वेगळे करायला हवेत. कथा म्हणजे काय घडतं. पटकथा म्हणजे ते पडद्यावर कोणत्या क्रमाने, कुठे, कोणत्या वेळी दिसेल आणि ऐकू येईल. संवाद म्हणजे माणसं काय बोलतात. मागावर ताणा, म्हणजे उभे धागे, आधी ताणून घ्यावा लागतो, मग आडवं सूत घेऊन धोटा फिरतो. पटकथा हा ताणा आहे. तो सैल असला की वर कितीही सुंदर संवाद विणा, कापड झोळ खातं.

अण्णांच्या मुलाने लिहिलेलं पहिलं पान मी पाहिलं. गोष्ट त्याच्या आजीची. चाळीस वर्षं शेडमध्ये कांड्या, म्हणजे आडव्या सुताच्या नळ्या, भरणारी आजी, आणि एके दिवशी माग थांबतात. पहिल्या खर्ड्यात त्याने लिहिलं होतं: 'आजीला आयुष्यभर आवाजाची सवय झालेली असते. शांतता तिला सहन होत नाही.' मी विचारलं, हे कॅमेऱ्याला दिसणार कसं? सवय कशी दाखवशील? तो गप्प बसला. आठ दिवसांनी दुसरा खर्डा घेऊन आला. त्यात होतं: 'माग थांबतात. आजीचा हात थांबतो. ती हातातली कांडी कानाजवळ नेऊन हलवते. मग टेबलावर आपटते. मग जोरात आपटते.' तिला वाटतं, आपल्याला ऐकू येईनासं झालं. एक शब्द न बोलता सगळं कळतं. त्या दिवशी मला खात्री पटली की हा मुलगा लिहील.

पटकथेचं एक पान म्हणजे पडद्यावरचं साधारण एक मिनिट, असा या धंद्यातला अंदाज आहे. दोन तासांचा सिनेमा म्हणजे शंभर-सव्वाशे पानं. पण ती पाच, सात, दहा वेळा लिहावी लागतात. त्या खर्ड्यांचे पैसे कोणी देत नाही. आईबापांना हेच दिसतं की पोरगं घरी बसून आहे. माझी कळकळीची विनंती आहे की त्याला रिकामा म्हणू नका, पण तारीख जरूर विचारा. 'तिसरा खर्डा कधी?' हा प्रश्न 'नोकरी कधी?'पेक्षा उपयोगाचा आहे.

पैसा उभा कसा राहतो?

समजा, एक साधा मराठी सिनेमा ६० लाखांत बनवायचा आहे. हा आकडा फक्त हिशेबासाठी धरलाय. हे पैसे एका ठिकाणाहून क्वचितच येतात. थोडे घरचे, थोडे मित्रांचे, एखादा स्थानिक निर्माता, एखादी शिष्यवृत्ती किंवा निधी, अशी गोधडी शिवावी लागते.

निधी देणाऱ्या संस्था आहेत, आणि आपल्याकडच्या पोरांना त्यांची नावंही माहीत नसतात याचं मला फार वाईट वाटतं. राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाचा 'फिल्म बाजार' २००७ पासून दर वर्षी गोव्यात इफ्फी, म्हणजे भारताच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाच्या वेळी भरतो. त्यात पटकथा लेखकांसाठी प्रयोगशाळा असते: निवडलेल्या पटकथेवर अनुभवी लोक तुमच्यासोबत बसून काम करतात. अर्धवट झालेल्या सिनेमांसाठी वेगळा विभाग असतो. देशोदेशीचे निर्माते, महोत्सवांचे निवडकर्ते तिथे येतात. परदेशातल्या काही महोत्सवांचेही निधी आहेत. रॉटरडॅम महोत्सवाच्या ह्युबर्ट बाल्स फंडाची मदत चैतन्य ताम्हाणेंच्या 'कोर्ट'ला मिळाली होती. या सगळ्यांकडे अर्ज करायला ओळख लागत नाही. पटकथा, दिग्दर्शकाचं टिपण, अंदाजपत्रक आणि आधी केलेलं छोटं काम, एवढं लागतं.

राज्य शासनाची दर्जेदार मराठी चित्रपटांसाठी अर्थसाहाय्य योजना आहे: 'अ' दर्जाला ४० लाख आणि 'ब' दर्जाला ३० लाख. पण हे पैसे सिनेमा पूर्ण झाल्यावर, सेन्सॉर प्रमाणपत्र मिळाल्यावर आणि समितीने पाहून दर्जा दिल्यावरच मिळतात. कापड विणून झाल्यावर मिळणारं बक्षीस आहे ते; त्याने सूत येत नाही. या अनुदानाच्या भरवशावर व्याजाने पैसे काढलेली माणसं मी पाहिली आहेत. तसं करू नका.

जमीन विकण्याबद्दलही बोलायला हवं. भाऊराव कऱ्हाडे यांनी 'ख्वाडा' पूर्ण करण्यासाठी शेतजमीन विकली, आणि त्या सिनेमाने राष्ट्रीय पुरस्कार मिळवले, हे खरं आहे. त्यांच्या हिमतीला माझा नमस्कार. पण ही गोष्ट सांगणाऱ्याने एवढं ध्यानात ठेवावं, की जमीन विकून ज्यांचा सिनेमा डब्यात राहिला त्यांच्या मुलाखती छापून येत नाहीत. माझं मत विचाराल तर पहिल्या सिनेमात राहतं घर आणि पोटापाण्याची जमीन घालू नये. अण्णांना मी हेच सांगितलं: माग विकायचे नाहीत.

१५० रुपयांच्या तिकिटातले किती रुपये सिनेमाला?

हा हिशेब अण्णांना सगळ्यात जास्त आवडला, कारण त्यांच्या टॉवेलचाही असाच आहे.

तिकीट १५० रुपयांचं. १०० रुपयांच्या वरच्या तिकिटावर १८ टक्के जीएसटी. तो वजा केला की उरतात साधारण १२७ रुपये. (१०० रुपयांपर्यंतच्या तिकिटावर सप्टेंबर २०२५ पासून ५ टक्के आहे.) या १२७ रुपयांत थिएटरवाल्याचा वाटा. हिंदी निर्माते आणि मल्टिप्लेक्स यांच्यात २००९ मध्ये ठरलेलं सूत्र असं: पहिल्या आठवड्यात निर्मात्याकडे ५० टक्के, दुसऱ्यात साडेबेचाळीस, तिसऱ्यात साडेसदतीस, पुढे ३०. बाकीच्यांच्या बोलणीतही हेच सूत्र पायाभूत धरलं जातं. म्हणजे पहिल्या आठवड्यात एका तिकिटामागे सिनेमाकडे आले साधारण साडेत्रेसष्ट रुपये. त्यातून वितरकाचं कमिशन जायचंय. वितरक म्हणजे थिएटर मिळवून देणारा. शिवाय दर पडद्यामागे डिजिटल प्रक्षेपणाचं शुल्क, पोस्टर, जाहिरात.

आता उलटा हिशेब करा. ६० लाख परत यायला, बाकी एक रुपया खर्च न धरता, पहिल्याच आठवड्याच्या दराने सुमारे ९४,४०० तिकिटं विकली गेली पाहिजेत. अडीचशे खुर्च्यांचं थिएटर धरलं तर ३७८ हाऊसफुल्ल खेळ. जाहिरातीवर आणखी ४० लाख घातले तर दीड लाखावर तिकिटं. आणि हे खेळ शुक्रवार-शनिवार-रविवारीच भरायला हवेत, कारण सोमवारी गर्दी दिसली नाही की खेळ कमी होतात, उरलेला एखादा सकाळी साडेनऊला ढकलला जातो. कामावर जाणारं माणूस साडेनऊला सिनेमा कसा बघणार? मल्टिप्लेक्सने दुपारी १२ ते रात्री ९ या वेळेत मराठी सिनेमा दाखवावा, असा निर्णय राज्य सरकारने २०१५ मध्ये घेतला तो याच दुखण्यासाठी.

म्हणून विनवते: गावातल्या माणसाचा सिनेमा लागला तर पहिल्या तीन दिवसांत बघा. तुमचं शुक्रवारचं तिकीट आणि दुसऱ्या आठवड्यातलं तिकीट यांची किंमत त्या सिनेमासाठी सारखी नसते.

"पण 'सैराट'ने शंभर कोटी कमावले ना?"

हा आक्षेप येतोच. हो, शंभर कोटींचा टप्पा ओलांडणारा तो पहिला मराठी सिनेमा. पण त्यातले किती थिएटरचे, किती कराचे, किती निर्मात्यांचे, हे वरच्या हिशेबाने तुम्हीच काढू शकाल. दिग्दर्शकाला काय मिळतं ते त्याच्या करारावर असतं: फक्त मानधन, की नफ्यातला हिस्साही. करारात हिस्सा लिहिलेला नसेल तर सिनेमा शंभर कोटींचा होवो की हजार, दिग्दर्शकाचं मानधन तेवढंच राहतं.

आणि त्या सिनेमाआधीची वर्षं बघा. नागराज मंजुळे पुणे विद्यापीठातून मराठीत एम.ए. झाले, मग नगरला जनसंवाद शिकले. 'पिस्तुल्या' हा लघुपट केला, त्याला २०१० सालचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. 'फँड्री' महोत्सवात दिसला २०१३ मध्ये, थिएटरात आला फेब्रुवारी २०१४ मध्ये. 'सैराट' २९ एप्रिल २०१६ ला. चैतन्य ताम्हाणेंचा 'कोर्ट' २०१४ मध्ये व्हेनिसच्या महोत्सवातून पुरस्कार घेऊन आला, पुढचा 'द डिसायपल' थेट २०२० मध्ये. त्याला तिथेच पटकथेचा पुरस्कार मिळाला. मध्ये सहा वर्षं. हे सगळे यशस्वी लोक आहेत, तरीही दोन सिनेमांत दोन ते सहा वर्षांचं अंतर. ही अंतराची वर्षं हीच कारकीर्द असते. सिनेमाचं शूटिंग तीस-चाळीस दिवस चालतं. बाकी सगळा काळ लिहिणं, पैसा शोधणं, संकलन, पुन्हा पैसा शोधणं.

मधल्या वर्षांत घर कशावर चालतं?

जोडकामावर. जाहिराती, मालिकांचे संवाद, दुसऱ्याच्या सिनेमावर साहाय्यक दिग्दर्शक, शिकवणं, काहीजण अभिनय करतात. सोलापुरात राहून करता येण्यासारखीही कामं आहेत: साखर कारखान्यांचे, दवाखान्यांचे, शिक्षण संस्थांचे माहितीपट, निवडणुकीच्या चित्रफिती, लग्नाचं शूटिंग. लग्नाच्या शूटिंगला कमी समजणाऱ्या पोरांशी मी भांडते. पहाटेच्या हळदीपासून रात्रीच्या पाठवणीपर्यंत कोणालाही 'पुन्हा करा' न म्हणता माणसांचे चेहरे टिपायचे, हे कसब फार थोड्या ठिकाणी शिकायला मिळतं. आणि पैसे रोख मिळतात.

माझा स्वतःचा हिशेब सांगते. वर्षातले सात-आठ महिने मी लोकांसाठी लिहिते, चार महिने स्वतःसाठी. मोबदला आला की आधी सहा महिन्यांचं घरभाडं, किराणा आणि विमा बाजूला काढते, मगच स्वतःचा खर्डा उघडते. भाड्याची काळजी डोक्यात असली की पात्रं खोटं बोलायला लागतात, हा माझा अनुभव आहे.

डिझाईन चोरीला जाऊ नये म्हणून

या भागावर मी जरा रेंगाळणार आहे, कारण यात मी पोळले आहे. बऱ्याच वर्षांपूर्वी बारा पानांची एक कथा मी मुंबईतल्या एका निर्मितीसंस्थेला बैठकीत ऐकवली, कागद तिथेच ठेवून आले. 'कळवतो' म्हणाले. दीड वर्षाने तीच माणसं, तोच वाडा, तीच बहीण टीव्हीवर दिसली. माझ्याकडे तारखेचा एकही पुरावा नव्हता. वकिलांनी विचारलं, "ताई, तुमच्याकडे लेखी काय आहे?" काहीच नव्हतं. त्या रात्री सिद्धेश्वर एक्स्प्रेसने परत येताना डोळ्याला डोळा लागला नाही.

तेव्हा नीट समजून घ्या. कायदा कल्पनेला संरक्षण देत नाही, मांडणीला देतो. आपल्या चादरीवर मोर असतो. मोर कोणाच्या मालकीचा नाही, उद्या दुसरा कारखानदारही मोर काढेल. पण आलेखाच्या कागदावर चौकोन भरून तुम्ही जो नेमका मोर काढलात, ज्यावरून जॅकार्डची, म्हणजे नक्षी विणणाऱ्या यंत्राची, पुठ्ठ्याची कार्डं पंच झाली, तो नकाशा तुमचा. सर्वोच्च न्यायालयाने १९७८ मध्ये आर. जी. आनंद खटल्यात हेच सांगितलं. नाटककाराचं म्हणणं होतं की त्याच्या नाटकावरून सिनेमा काढला. न्यायालय म्हणालं, विषय आणि कल्पना यांवर मालकी नसते. नाटककार हरला. म्हणून दोन ओळींची कल्पना चहाच्या टपरीवर सांगत फिरू नये. ती विस्ताराने लिहावी आणि मगच दाखवावी.

लिहिल्यावर मुंबईच्या स्क्रीनरायटर्स असोसिएशनकडे सभासद होऊन कथा-पटकथेची नोंदणी करता येते. ती ऑनलाइन होते, मुंबईला जावं लागत नाही. लिहिल्या क्षणी कॉपीराइट तुमचाच असतो, नोंदणीमुळे तारखेचा पुरावा हाती राहतो. कथा ऐकवून आल्यावर त्याच दिवशी ईमेल पाठवायचा: 'आज भेटीत अमुक कथा ऐकवली, सोबत नोंदणी क्रमांक.' एवढी एक सवय माझ्याकडे असती तर त्या वकिलांना दाखवायला एक कागद तरी असता.

कराराबद्दल एक गोष्ट फार थोड्यांना माहीत आहे. २०१२ मध्ये कॉपीराइट कायद्यात बदल झाला. थिएटर सोडून इतर ठिकाणी, म्हणजे टीव्ही-ओटीटी वगैरेवर, सिनेमा वापरला गेला की त्यातून येणाऱ्या रॉयल्टीत पटकथा लेखकाचा समान वाटा आहे, आणि हा हक्क त्याला करारात सोडून देता येत नाही; फक्त वारसांना किंवा कॉपीराइट सोसायटीला देता येतो. प्रत्यक्ष वसुली अजून सोपी झालेली नाही. तरीही 'सर्व हक्क, कायमचे, जगभर' असं वाक्य करारात दिसलं की सही करण्याआधी वकिलाला दाखवा. वकिलाची फी द्यायला दोन लग्नांचं शूटिंग जास्त करा, पण दाखवा.

"मोबाईलवर करून यूट्यूबवर टाकलं तर?"

जरूर करा. तालीम म्हणून याहून चांगलं काही नाही. आजच्या मोबाईलचं चित्र सरावाला पुरतं. फसगत होते ती आवाजात. प्रेक्षक जरा अंधारं चित्र सहन करतो, न ऐकू येणारा संवाद सहन करत नाही. ज्याच्याकडे पाच हजार रुपये आहेत त्याने लेन्सऐवजी माईक घ्यावा.

एक सावधगिरी मात्र हवी. अनेक महोत्सवांना सिनेमा आधी कुठेही दाखवलेला नको असतो. यूट्यूबवर टाकलात की तो दरवाजा बंद होऊ शकतो. त्यामुळे आधी महोत्सवांचे नियम वाचा, तिथली फेरी संपली की यूट्यूब आहेच. थिएटरला लावायचा असेल तर सेन्सॉर बोर्डाचं प्रमाणपत्र लागतं. २०२४ च्या नियमांपासून 'यूए', म्हणजे लहानांनी पालकांच्या मार्गदर्शनाने बघायच्या गटात ७, १३ आणि १६ वर्षांवरील असे तीन भाग झाले आहेत.

ओटीटीबद्दल थोडक्यात: तिथे सिनेमा आपोआप विकला जात नाही. ओळखीचा चेहरा, थिएटरची कमाई किंवा महोत्सवाची मोहोर, यांतलं काहीतरी लागतं. महोत्सव पैसे फारसे देत नाहीत, पण ती मोहोर देतात.

"सोलापुरात राहून होईल का?"

पुण्याची एफटीआयआय, म्हणजे सिनेमा शिकवणारी सरकारी संस्था, १९६० पासून प्रभात स्टुडिओच्या जागेत आहे. प्रवेश परीक्षा देऊन तिथे जाता आलं तर जावं. नाही जमलं तर रस्ता बंद होत नाही. वर नगरला शिकलेल्या मंजुळेंचं उदाहरण दिलंच आहे. आपल्याकडे नाटकाची मोठी शाळा आधीपासून आहे. राज्य नाट्य स्पर्धेचं केंद्र इथे असतं, हुतात्मा स्मृती मंदिरात प्रयोग होतात, अतुल कुलकर्णींसारखा नट इथल्या 'नाट्य आराधना'त घडला. नटाला काय सांगायचं आणि काय सांगायचं नाही, हे तालमीच्या हॉलमध्ये फुकट शिकता येतं.

आणि विषय? १९४६ मध्ये व्ही. शांताराम यांनी ज्यांच्यावर सिनेमा काढला ते डॉ. द्वारकानाथ कोटणीस सोलापूरचे. एकाच बोळात मराठी, तेलुगू, कन्नड आणि दखनी ऐकू येते. माझ्या शेजारची आजी नातवाला तेलुगूत रागावते, भाजीवाल्याशी कन्नडात भाव करते आणि देवापुढे मराठीत अभंग म्हणते. मुंबईत बसून लिहिणाऱ्याला हे सुचायचं नाही. मीटिंगसाठी मुंबई-पुण्याला जावं लागतं, खरं आहे. पण रात्रीच्या गाडीने जाऊन दुसऱ्या रात्रीच्या गाडीने परतता येतं, आणि इथे राहण्याचा खर्च तिथल्या मानाने कितीतरी कमी. पहिल्या पाच वर्षांत हा वाचलेला खर्च म्हणजेच तुमचा निधी.

अर्धा दिवस, सहा माग

डिसेंबरात अण्णांच्या मुलाने आजीच्या गोष्टीवर अकरा मिनिटांचा लघुपट केला. सातवा खर्डा. आजीच्या भूमिकेत त्याची खरी आजी. कॅमेरा मित्राचा, माईक भाड्याने. शूटिंगच्या आधी मी त्याचं अंदाजपत्रक बघायला मागितलं. जेवण, माईक, दिवे, रिक्षा, सगळं होतं. शेडचं भाडं शून्य लिहिलेलं, कारण शेड घरचीच.

ती वही अण्णांच्या हातात पडली. त्यांनी चष्मा लावून एकेक ओळ वाचली आणि पोराला विचारलं, "माग बंद ठेवायला लागतील ना?" तो म्हणाला, हो, शांततेचा आवाज रेकॉर्ड करायचाय. प्रत्येक जागेची शांतता वेगळी असते, ती निदान एक मिनिट घ्यावी लागते, नाहीतर संकलनात जोड दिसतात. याला रूम टोन म्हणतात, असंही त्याने बापाला समजावलं. अण्णांनी पेन मागितलं. शून्यावर काट मारली आणि शेजारी लिहिलं: 'सहा माग, अर्धा दिवस बंद', खाली दोन कामगारांची अर्ध्या दिवसाची मजुरी आणि न निघालेल्या टॉवेलांची किंमत. बेरीज त्यांनीच केली. मग रकमेसमोर, पैसे कोणाचे त्या रकान्यात, स्वतःचं नाव घातलं.

शूटिंगच्या दिवशी दुपारी बारा वाजता त्यांनी एकेक माग बंद केला. सहावा थांबला तेव्हा कबुतरांच्या पंखांची फडफड ऐकू आली. आजीने कांडी कानाजवळ नेली. अण्णा भिंतीला टेकून, श्वास धरून उभे होते, आणि मुलगा घड्याळाकडे बघत साठपर्यंत मोजत होता.